थिसिस बाइंडिंग, सयाजीगंज: शिवण पक्की, पण साहेबाचं आयुष्य उलटं शिवलं

चार स्टार देतेय. पाचवा का कापला ते सांगायला जरा वेळ लागणारे, कारण त्यात एक इंग्रज खासदार, त्याची टॉर्पेडो बोट, माझे बाबा आणि यूएस-६४ नावाची गुंतवणुकीची स्कीम एवढं सगळं येतं, त्यामुळे ज्यांना फक्त रेट पाहिजेत त्यांनी सरळ खाली जा, तिथे लिहिलेत.

दुकान म्हणजे वडोदऱ्यात सयाजीगंजात युनिव्हर्सिटीच्या अंगाला झेरॉक्स-बाइंडिंगवाल्यांची जी रांग आहे त्यातलंच एक. नाव टाकत नाही. काकांनी स्वतःच हात जोडले, "नाम ना लखता बेन", कारण सबमिशनच्या दिवसांत त्यांच्याकडे उभं राहायला जागा नसते आणि त्यात माझ्यासारखे हौशी लोक आले की पीएचडीची पोरं रडकुंडीला येतात म्हणे. ओळखणारे ओळखतील, दारातच पुठ्ठे कापायचं मोठं कटर आहे आणि त्याच्या शेजारी खळीचा डबा, वासावरूनच सापडेल.

तर काम काय होतं. माझ्या बाबांनी, वय ७९, बँकेतून रिटायर, चार वर्षं खपून मराठीत एका माणसाचं चरित्र लिहिलं. फुलस्केपवर, निळ्या शाईत, हातानं, २१२ पानं. आता तुम्हाला वाटेल सयाजीराव महाराज, कारण वडोदऱ्यातला मराठी म्हातारा लिहायला बसला की सयाजीरावांवरच लिहितो (आमच्या मंडळाच्या लायब्ररीत तसली आठ हस्तलिखितं आहेत, मी मोजलीत). पण नाही. बाबांचा हिरो, खरं तर हिरो पण नाही, आरोपी म्हणा, एडवर्ड डु कॅन नावाचा इंग्रज. ब्रिटिश पार्लमेंटमध्ये १९५६ ते १९८७ टॉन्टनचा खासदार, मोठमोठ्या कंपन्यांचा चेअरमन, आणि त्याआधी दुसऱ्या महायुद्धात नौदलात ऑफिसर. २०१७ मध्ये ९३व्या वर्षी वारला. दांडिया बाजारात त्याचं नाव ऐकलेला माणूस बाबांशिवाय दुसरा सापडणार नाही याची मी लेखी गॅरंटी देते.

हा इंग्रज आमच्या घरात शिरला कसा, त्याचं कारण यूएस-६४. ज्यांना माहीत आहे त्यांच्या पोटात आत्ताच गोळा आला असेल. नवीन पोरांसाठी सांगते, यूटीआयची, म्हणजे युनिट ट्रस्ट ऑफ इंडियाची, ही स्कीम १९६४ ला निघाली, दहा रुपयाचं युनिट, आणि पुढची पस्तीस-छत्तीस वर्षं आपल्या लोकांनी ती एफडीपेक्षा पक्की समजून त्यात पैसे टाकले. बाबा बँकेत असल्यामुळे अर्ध्या गल्लीचा त्यांच्यावर भरवसा, संध्याकाळी ओट्यावर बसून लोकांचे फॉर्म भरून द्यायचे, कमिशन एक पैसा नाही, नुसता चहा. आणि मग जुलै २००१ ला यूटीआयनं जाहीर केलं की सहा महिने युनिटची खरेदी-विक्री बंद. माझ्या लग्नाचे पैसे त्यात होते. ते ठीक आहे, लग्न झालं, हॉलऐवजी वाड्याच्या चौकात झालं आणि फोटो उलट जास्त छान आले. पण गल्लीतल्या लोकांचे पैसे अडकले ते बाबांना सहन झालं नाही. नंतर लहान गुंतवणूकदारांसाठी ३००० युनिटपर्यंत खिडकी उघडली, २००३ मध्ये स्कीमच्या बदल्यात बाँड मिळाले, म्हणजे कोणी रस्त्यावर आलं नाही, तरी बाबा वर्षभर सकाळी दूध आणायला मागच्या दारानं जायचे.

रिटायर झाल्यावर त्यांनी एक खूळ घेतलं की ही युनिटची कल्पना मुळात काढली कोणी ते शोधायचं. मांडवीच्या सेंट्रल लायब्ररीत जाऊन बसायला लागले, तीच ती, महाराजांनी अमेरिकेतून बॉर्डन साहेबाला बोलावून १९१० साली उभी केलेली. घरी माझा मुलगा नेटवरून प्रिंटआउट काढून द्यायचा. तेव्हा कळलं की इंग्लंडमध्ये पहिला युनिट ट्रस्ट १९३१ सालचा, एम अँड जी नावाच्या कंपनीचा, पण युद्धानंतर ही गोष्ट साध्या नोकरदार माणसापर्यंत नेणाऱ्यांमध्ये हा डु कॅन पुढे होता, १९५७ ला त्यानं युनिकॉर्न नावाचा ग्रुप काढला. झालं. बाबांना माणूस सापडला, ज्याला जाब विचारायचा तो. आणि जाब विचारता विचारता त्याचं अख्खं चरित्र झालं.

आता बाइंडिंगकडे. मी गेले मे महिन्यात, म्हणजे चूक माझीच. काकांनी पहिल्यांदा विचारलं, "गम के सिलाई?" मला कळेना. मग त्यांनी समजावलं की नुसत्या गोंदाचं बाइंडिंग दिसायला छान पण आपल्याकडच्या उन्हात दोन वर्षांत पाठ तडकते आणि पानं सुटतात, सुट्या कागदांना दाभणानं भोकं पाडून दोऱ्यानं शिवलेलंच बरं, वर पुठ्ठा आणि रेक्झिन. पण शिवणीत डावीकडची अर्धा इंच जागा जाते, आणि बाबांनी तर कागद फुकट जाऊ नये म्हणून काठापासून काठापर्यंत लिहिलेलं. त्यावर काकांचा उपाय म्हणजे सगळं ९५ टक्क्यांवर झेरॉक्स करायचं, अक्षर किंचित बारीक होतं पण समास सुटतो. मला हे सुचलं नसतं. ओरिजिनल तसंच ठेवायचं आणि झेरॉक्सच्या तीन प्रती बांधायच्या, एक बाबांना, एक पुण्याला दादाला, एक मंडळाच्या लायब्ररीला. मुखपृष्ठावर सोनेरी अक्षरं. "चिंता ना करो बेन, थई जशे." सहा दिवसांत देतो म्हणाले आणि सहाव्या दिवशी खरंच दिलं, याला मी अर्धा स्टार एक्स्ट्रा दिला असता पण तशी सोय नाहीये.

घरी येऊन बाबांच्या हातात दिलं. त्यांनी आधी कव्हरवरून हात फिरवला. मेहरून रंगाचं रेक्झिन, सोनेरी अक्षरं, "एडवर्ड डु केन". कॅनचं केन झालेलं. गुजरातीत कॅनला केनच लिहितात त्यामुळे काकांच्या दृष्टीनं बरोबरच होतं. बाबा म्हणाले, "केन म्हणजे ऊस ना, मग बरोबर आहे, मी त्याला चरकातून काढलाच आहे." मी म्हटलं चला, मूड चांगला आहे. मग त्यांनी पुस्तक उघडलं आणि पहिल्या पानावर होतं प्रकरण ‘दिवाळखोरी’.

काय झालं ते मला नंतर कळलं आणि ते ऐकून तुम्ही पण सावध व्हा. बाबांनी प्रत्येक प्रकरणाला परत एकपासून नंबर दिलेले. मराठी आकडे काकांच्या पोराला वाचता येतात, गुजराती आकडे तसेच तर असतात, त्यामुळे प्रकरणाच्या आतली पानं एकदम बरोबर. पण प्रकरणांना नंबरच नव्हते, नुसती नावं. पोरानं पहिल्या प्रकरणाची झेरॉक्स काढून ठेवली, त्यावर दुसऱ्याची, त्यावर तिसऱ्याची, आणि गठ्ठा जसा उभा राहिला तसाच शिवायला दिला. म्हणजे शेवटचं सगळ्यात वर. आणि नौदलाचं प्रकरण बाबांनी तिसऱ्यांदा लिहायला घेतलं होतं म्हणून ते मी दोन दिवस उशिरा नेऊन दिलं, ते पोरानं वरून दुसरं सरकवून टाकलं. तिन्ही प्रतींत हाच क्रम. म्हणजे चूक सुद्धा किती एकसारखी.

बाबा काही बोलले नाहीत, पुस्तक मिटून ठेवलं आणि आत गेले. मला इतकं वाईट वाटलं की मी रात्री ते घेऊन बसले, म्हटलं नक्की किती बिघडलंय ते तरी बघू. आणि खरं सांगते, मी ते चरित्र तोपर्यंत वाचलंच नव्हतं. झेरॉक्स करून द्या, बाइंडिंगला नेऊन द्या, हे सगळं केलं पण वाचलं नव्हतं. पहिल्यांदा वाचलं ते असं, शेपटीकडून.

तर सुरुवातच अशी की सर एडवर्ड (१९८५ मध्ये सर झाला) होम्स अश्युअर्ड नावाच्या कंपनीचा चेअरमन. सरकारी म्हणजे कौन्सिलच्या घरांत भाड्यानं राहणाऱ्या लोकांना तीच घरं विकत घ्यायला मदत करायची असा तिचा धंदा. पंतप्रधान थॅचरबाईंच्या काळात भाडेकरूंना ती घरं घ्यायचा हक्क मिळालेला, त्या लाटेवरच ही कंपनी. १९८९ मध्ये बुडाली. पुढे नव्वदच्या दशकात साहेब स्वतः दिवाळखोर. ज्या माणसानं लोकांना थोडं थोडं टाकून पैसा कसा वाढवायचा ते शिकवलं त्याचीच ही गत, आणि वाचताना मला काय वाटलं सांगू? ‘बरं झालं’ असं वाटलं. ओट्यावरचा तो चहा आठवला, मागचं दार आठवलं. बाबांनी पण ते प्रकरण तसंच लिहिलंय, दात-ओठ खाऊन, एका पानावर पेन कागदातून आरपार गेलंय ते झेरॉक्समध्ये सुद्धा काळ्या ठिपक्यासारखं दिसतं.

आणि पान उलटलं तर समुद्र.

दिवाळखोर म्हाताऱ्याच्या पुढच्याच पानावर एकोणीस वर्षांचा पोरगा. १९४३. नौदलाच्या स्वयंसेवक राखीव दलात. या लोकांच्या बाहीवरच्या सोनेरी पट्ट्या कायम नौदलवाल्यांसारख्या सरळ नसायच्या, लाटेसारख्या असायच्या, म्हणून त्यांना वेव्ही नेव्ही म्हणायचे, बाबांनी त्याचं ‘नागमोडी नौदल’ केलंय आणि स्वतःवर इतके खूश झालेत की तो शब्द चौदा वेळा आलाय. काम मोटर टॉर्पेडो बोटींवर. आता हे मला अजिबात माहीत नव्हतं, मी समजत होते लढाऊ जहाज म्हणजे लोखंडाचा डोंगर. या बोटी लाकडाच्या! साधारण सत्तर फूट लांब, म्हणजे आमच्या वाड्याच्या पुढच्या दारापासून मागच्या विहिरीपर्यंत, बाबांनी टेप लावून मोजलंय. आत अमेरिकन पॅकार्डची पेट्रोल इंजिनं, बऱ्याच बोटींत तीन-तीन, वेग चाळीस नॉटच्या आसपास जायचा, म्हणजे ताशी सत्तर-पंच्याहत्तर किलोमीटर, पाण्यावर. दोन्ही बाजूंना टॉर्पेडोची नळकांडी. आणि पायाखाली पेट्रोलच्या टाक्या. लाकूड, त्यात पेट्रोल, आणि समोरून जर्मन गोळीबार. दिवसा निघायची सोयच नाही, रात्री निघायचं, इंजिन मंद करून अंधारात दबा धरून बसायचं, जर्मन जहाजांचा तांडा आला की जवळ जाऊन टॉर्पेडो सोडायचे आणि सुसाट पळायचं. जर्मनांच्याही तसल्याच बोटी होत्या, इंग्रज त्यांना ई-बोट म्हणायचे, त्या डिझेलवर चालायच्या म्हणून पटकन पेट घ्यायच्या नाहीत. बोटीवर डझनभर माणसं आणि वर हुकूम देणारा बहुतेक वेळा पंचविशीच्या आतला.

या प्रकरणात बाबांचं अक्षर वेगळं आहे. मोठं, सैल. त्यांनी स्वतः कॉलेजात असताना मुंबईला जाऊन नेव्हीची परीक्षा दिली होती आणि डोळ्यांत नापास झाले, चष्मा होता, हे मला आईनं एकदा सांगितलेलं, ते कधी बोलले नाहीत. म्हणून तीनदा लिहिलं असणार. मी तर आता दिवाळखोरी वाचून आलेले, त्यामुळे मला त्या पोराकडे बघून ‘बरं झालं’ म्हणवेना. क्रमानं असतं तर तो पोरगा दोनशे पानं आधी मागे पडला असता आणि शेवटी मी मजेत म्हातारा बुडताना बघितला असता.

मग लोन्रो. हे प्रकरण लांबलंय, ४१ पानं, बाबांना कंपन्यांचे ताळेबंद समजतात त्यामुळे आवरलं नाहीये. लोन्रो म्हणजे मुळात १९०९ सालची लंडन अँड ऱ्होडेशियन नावाची खाणी-जमिनीची कंपनी, आफ्रिकेत पसरलेली, आणि ती चालवणारा टायनी रोलंड नावाचा गृहस्थ. १९७३ मध्ये आठ डायरेक्टरांनी त्याला काढायचा घाट घातला, कोर्टकचेऱ्या झाल्या, त्यात बाहेर आलं की एका माजी मंत्र्याला, डंकन सँड्सला, टॅक्स वाचावा म्हणून केमन बेटांवर पैसे द्यायचं ठरलेलं. तेव्हाचा पंतप्रधान एडवर्ड हीथ पार्लमेंटमध्ये म्हणाला की हा भांडवलशाहीचा ओंगळ आणि न खपणारा चेहरा आहे. ‘न खपणारा’ हा बाबांचा शब्द. मी म्हटलं असतं अस्वीकारार्ह वगैरे, पण बाजारातल्या गोष्टीला न खपणारा म्हणणं जास्त झोंबतं. डु कॅन तेव्हा बोर्डावर होता. आणि हीथच्या पक्षाचा खासदार पण होता. आणि त्या खासदारांच्या कमिटीचा अध्यक्ष पण. पुढे १९८४ ते १९९१ लोन्रोचा चेअरमनच झाला, त्या काळात लंडनच्या हॅरॉड्स दुकानावरून फायेद बंधूंशी रोलंडची जी हाणामारी चालली होती ती बाबांनी अर्ध्या पानात उरकलीय, मला तीच जास्त वाचायची होती. असो.

उलट्या वाचण्यात गंमत अशी की हीथ आणि डु कॅन एकमेकांना पाण्यात का बघतात ते मला कळेचना. शेजारच्या घरात आधी भांडी आपटल्याचे आवाज येतात आणि भांडण कशावरून ते दोन दिवसांनी मोलकरणीकडून कळतं, तसं. पुढच्या, म्हणजे मागच्या, प्रकरणात १९७४. हीथ फेब्रुवारीत निवडणूक हरला, ऑक्टोबरमध्ये परत हरला आणि तरी खुर्ची सोडेना. मंत्री नसलेल्या हुजूर पक्षाच्या खासदारांची एक कमिटी असते, नाव १९२२ कमिटी, स्थापना मात्र १९२३ सालची (यावर बाबांची तळटीप पाऊण पान). डु कॅन तिचा १९७२ पासून तब्बल १९८४ पर्यंत अध्यक्ष. हीथचं काय करायचं ते ठरवायला कमिटीची पुढारी मंडळी जमली ती डु कॅन ज्या केसर उलमन बँकेचा चेअरमन होता तिच्या ऑफिसात, आणि ते ऑफिस होतं मिल्क स्ट्रीटवर. पेपरवाल्यांनी लगेच नाव पाडलं, मिल्क स्ट्रीट माफिया. बाबांनी केलंय ‘दूधगल्लीतले दादा’. रात्री एक वाजता मी एकटी हसत होते, नवरा उठून बघून गेला.

आणि इथे खरी मेख आहे. हीथच्या जागी कोण, तर पुष्कळांना डु कॅनच पाहिजे होता. एअरी नीव्ह नावाचा खासदार त्याच्यासाठी मतं गोळा करायला लागलेला. जानेवारी १९७५ ला डु कॅन म्हणाला मी उभा राहत नाही. नीव्ह गेला मार्गारेट थॅचरकडे. ४ फेब्रुवारीला नेता निवडायच्या मतदानात पहिल्या फेरीत बाई १३०, हीथ ११९. आठवड्यानं दुसरी फेरी, बाई १४६, त्याच पक्षाचा व्हाइटलॉ ७९. पुढचा इतिहास सगळ्यांना माहीत आहे. का उभा राहिला नाही यावर बाबांची सहा पानं आहेत आणि त्यांचं मत असं की बँक. त्या दोन वर्षांत लंडनमधल्या दुय्यम बँका जमिनी-इमारतींवर दिलेल्या कर्जांत अडकल्या होत्या, बँक ऑफ इंग्लंडला मदतीची होडी सोडावी लागली, तिचं नावच लाइफबोट, आणि केसर उलमन पण गाळात. अशा वेळी पक्षाचा नेता व्हायला जाणं म्हणजे सगळ्या पेपरांना घरी जेवायला बोलावणं. त्यातही कहर बघा, हाच माणूस १९७४ ते १९७९ पार्लमेंटच्या लोकलेखा समितीचा अध्यक्ष, म्हणजे देशाचा खर्च तपासणारा. बाबांनी इथे मार्जिनमध्ये फक्त "ओटा" एवढंच लिहिलंय. मला समजलं. तुम्हालाही समजलं असेल.

त्याच्या मागचं प्रकरण छोटं, १९६५ ते १९६७ पक्षाचा चेअरमन. नेमला तेव्हाच्या नेत्यानं, ॲलेक डग्लस-होमनं, काही महिन्यांत नेता झाला हीथ, त्याचं आणि डु कॅनचं जमेना, १९६६ ची निवडणूक हरले आणि पुढच्या वर्षी डु कॅनला हटवलं. हां, म्हणजे भांडी इथली. एवढं वाचल्यावर दूधगल्लीतली मीटिंग मला एकदम वेगळीच दिसायला लागली, पण तोपर्यंत माझ्या हिशेबात ती होऊन गेली होती. त्याआधी अर्थ खात्यात आणि व्यापार खात्यात ज्युनियर मंत्री, १९६२ ते ६४, ते मी चाळलं.

युनिकॉर्न मात्र नीट वाचलं. हल्ली युनिकॉर्न म्हटलं की पोरांना स्टार्टअप आठवतं, हा १९५७ चा. बाबांनी युनिट ट्रस्ट इतका सोपा समजावलाय की माझ्या म्युच्युअल फंडवाल्या ॲपनं शिकावं. म्हणतात, भिशी समजा, पण नंबर लागायची वाट बघायची नाही. शंभर जणांनी थोडे थोडे टाकले, त्यातून पन्नास कंपन्यांचे शेअर घेतले, प्रत्येकाला त्याच्या पैशाएवढी युनिटं, पाहिजे तेव्हा त्या दिवसाच्या भावानं परत द्या. शेअर सांभाळणारा ट्रस्टी वेगळा, पैसे चालवणारा मॅनेजर वेगळा, म्हणजे एकानं पळून जायचं म्हटलं तरी जमणार नाही. एकट्या कारकुनाला पन्नास कंपन्यांत पैसे घालता येतील का? नाही. इथे घालता येतात. पुढे हा ग्रुप बार्कलेज बँकेकडे गेला आणि बार्कलेज युनिकॉर्न झाला. आणि मग एक वाक्य आहे, खोडलेलं, पण झेरॉक्सनं खोडलेलं पण दाखवलंय, "त्या दिवसाच्या भावानं. आमच्याकडे भाव ठरवून दिला जायचा, तिथे चुकलं." म्हणजे वीस वर्षं ज्याला आरोपी करून बसले होते त्याच्या कल्पनेत खोट नव्हती, हे बाबांनी लिहिलं आणि खोडलं.

उरलेलं वाटेतलं आहे. १९५६ च्या पोटनिवडणुकीत टॉन्टनला हजारपेक्षा कमी मतांनी निसटता जिंकला, त्याआधी १९५५ ला बॅरो-इन-फर्नेसला पडला, आणि सगळ्यात पहिली निवडणूक १९५१ ची, वेस्ट वॉल्थमस्टो, समोर कोण तर क्लेमेंट ॲटली! तेच ॲटली, ज्यांच्या काळात आपल्याला स्वातंत्र्य मिळालं, तेव्हा सुद्धा तेच पंतप्रधान होते. पहिल्याच निवडणुकीत सत्तावीस वर्षांचा पोरगा पंतप्रधानांच्या मतदारसंघात उभा. पडला अर्थात. पण टॉर्पेडो बोटीवरून उतरलेल्याला हे फार वाटलं नसावं. शेवटच्या पानांवर ऑक्सफर्ड, शाळा, बॅरिस्टर बाप, पुढे नावाजलेला वकील झालेला भाऊ, आणि अगदी शेवटच्या ओळीत जन्म, २८ मे १९२४. बाजूला बाबांनी लिहिलंय "सावरकर जयंती", पुढे काही नाही.

पुस्तक जन्मावर संपलं. पहाटेचे साडेतीन वाजलेले.

दुसऱ्या दिवशी मी काकांकडे गेले, भांडायच्या तयारीनं. त्यांनी एक प्रत उघडली, मी दाखवलं, ते पोराकडे बघून जे काही म्हणाले ते इथे लिहिता येणार नाही. मग मला म्हणाले तिन्ही उसवून फुकटात परत शिवून देतो, पण एकदा भोकं पडलेल्या कागदाला दुसऱ्यांदा दाभण लावलं की कड कमजोर होते, त्यापेक्षा नव्या झेरॉक्स काढतो, त्याचेही पैसे नकोत. हे मला फार आवडलं, कारण उसवून शिवलं असतं तर मला कळलं पण नसतं. घरी येऊन बाबांना सांगितलं की बाबा, तुम्ही प्रकरणांना नंबर घाला, दोन दिवसांत नवीन प्रती मिळतील. ते तेव्हा आरामखुर्चीत बसून तीच उलटी प्रत वाचत होते, लोन्रोपर्यंत आलेले. म्हणाले, "मंडळाची आणि दादाची कर नीट. माझी राहू दे." मी म्हटलं का हो? तर म्हणे, "बेरीज वरून खाली करतात. तपासायची असली की खालून वर. बँकेत पहिल्या दिवशी शिकवतात." आणि चष्मा पुसून परत वाचायला लागले. संध्याकाळी बऱ्याच दिवसांनी ओट्यावर जाऊन बसले, पुस्तक घेऊन, आणि समोरच्या काकूंना लाकडी बोटींचं सांगत होते, काकूंचे पण २००१ ला अडकले होते, त्या म्हणत होत्या "अगबाई, पेट्रोल? खाली?"

तर आता तक्रारी एकदाच. पानांचा क्रम न विचारता शिवणं ही मोठी चूक, एक फोन करायला काय झालं होतं. ‘केन’. आणि समास सोडूनही सात-आठ पानांवर डावीकडची अक्षरं शिवणीत गेली आहेत, नव्या प्रतींत पण, पुस्तक पूर्ण सपाट उघडत नाही त्यामुळे मान वाकडी करून वाचावं लागतं. पोराला मोबाइल बाजूला ठेवायला सांगा.

चांगलं म्हणजे शिवण, शिवण आणि शिवण, मी मुद्दाम एका पानाला धरून अख्खं पुस्तक उचललं, हललं नाही. रेक्झिनची घडी कोपऱ्यात एकदम साफ. शब्दाचे पक्के.

रेट, मी दिले तेव्हाचे: झेरॉक्स एका बाजूला दीड रुपया, शिवून हार्ड बाइंडिंग एका प्रतीचे २५०, सोनेरी अक्षरांचे ६० वेगळे, पाठीवर पण नाव पाहिजे असेल तर अजून ४०. ॲडव्हान्स निम्मे. सबमिशनच्या सीझनमध्ये जाऊ नका, दिवाळीनंतर जा. जायच्या आधी पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत सलग नंबर घाला, पेन्सिलनं का होईना, आणि मुखपृष्ठाचा मजकूर मोठ्या अक्षरात लिहून त्याचा फोटो काकांच्या व्हॉट्सॲपवर पाठवा. गाडी दुकानासमोर लावू नका, टो करतात, स्टेशनच्या बाजूला पे अँड पार्कमध्ये लावा आणि चालत या. दोन ते चार शटर अर्धं खाली असतं, काका जेवून तिथेच पुठ्ठ्यांवर झोपतात, तेव्हा शटर वाजवलंत तर सहाचे दहा दिवस होतील.